पॉलिसी बदलली, पण काउंटरवरच्या कॉम्प्युटरपर्यंत पोचली का?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या पेपरात खड्ड्यांवर, नळाच्या पाण्यावर, सिमेंट रोडमुळे घरात शिरणाऱ्या पावसावर पत्रं येतात आणि ती यायलाच पाहिजेत, पण ऑफिसातल्या कॉम्प्युटरपायी लोकांचे जे हेलपाटे होतात त्यावर कोणी लिहिलेलं माझ्या तरी वाचण्यात नाही, म्हणून हे पत्र. मी नागपुरातच एका खासगी कंपनीत आयटी सपोर्टचं काम करते, दिवसभर हेच बघते, आणि माझं म्हणणं असं आहे की काउंटरवर "सर्व्हर डाऊन आहे, उद्या या" असं जे सांगतात तेव्हा पुष्कळदा सर्व्हर ठणठणीत असतो, नियमसुद्धा वरून बदललेला असतो, फक्त समोरच्या कॉम्प्युटरने तो नवा नियम अजून उचललेला नसतो. आणि तो उचलायला लावणारी एक साधी कमांड आहे जी काउंटरवरच्या माणसाला कोणी शिकवलेलीच नसते.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. मोठं ऑफिस, बँक, कॉलेज, कारखाना, जिथे जिथे पन्नास-शंभर किंवा हजार विंडोज कॉम्प्युटर असतात तिथे प्रत्येक मशीनवर जाऊन सेटिंग कोणी करत बसत नाही. सगळी मशीनं एका डोमेनला, म्हणजे ऑफिसच्या एका सामाईक जाळ्याला, जोडलेली असतात आणि नियम एका जागी, मुख्य सर्व्हरवर लिहिलेले असतात, त्याला ग्रुप पॉलिसी म्हणतात. ही सोय विंडोज २००० पासून आहे, म्हणजे काही नवीन प्रकरण नाही. पासवर्ड किती अक्षरांचा, पेन ड्राईव्ह चालेल का, कोणतं यूएसबीचं यंत्र लावता येईल, कोणता प्रिंटर कोणाला दिसेल, ब्राउझरमध्ये कोणती साईट उघडेल, स्क्रीन किती मिनिटांनी लॉक होईल हे सगळं तिथून ठरतं. कॉम्प्युटर सुरू होताना मशीनचे नियम येतात, माणूस लॉगिन करतो तेव्हा त्याच्या नावाचे नियम येतात, आणि त्यानंतर मशीन चालू असेल तर दर ९० मिनिटांनी ते पुन्हा विचारायला जातं की काही बदललं का. त्या ९० मध्ये शून्य ते ३० मिनिटांची भर विंडोज स्वतःच्या मनाने टाकतं, सगळे एकाच वेळी सर्व्हरवर तुटून पडू नयेत म्हणून, अख्ख्या गल्लीने सकाळी एकदम नळ सोडले की शेवटच्या घराला थेंबही मिळत नाही तसं होऊ नये म्हणून. म्हणजे वरून नियम बदलल्यावर खालच्या मशीनवर तो यायला दोन तासांपर्यंत वेळ लागू शकतो. ही रचना चुकीची नाही, विचार करून केलेली आहे, पण काउंटरसमोर रांग उभी असते तेव्हा दोन तास म्हणजे फार झाले.

मागच्या नोव्हेंबरात आत्याला हयातीचा दाखला द्यायला घेऊन गेले होते. नोव्हेंबर म्हणजे पेन्शनवाल्यांचा महिना, ऐंशीच्या वरच्यांना केंद्राने ऑक्टोबरपासूनच सवलत दिली आहे पण आत्या ऐंशीची नाही, त्यामुळे रांगेतच. ऑफिसचं नाव सांगत नाही, कारण हे कुठल्याही ऑफिसात घडू शकतं. काउंटरवर बोटाचा ठसा घ्यायचं यंत्र नवीन आणलेलं, ते यूएसबीला लावलं की विंडोज खाली कोपऱ्यात सांगायचं की हे डिव्हाईस लावायला सिस्टीम पॉलिसीने मनाई केली आहे. वाचणाऱ्याला लगेच कळावं इतकं स्पष्ट वाक्य होतं ते. काउंटरवरच्या ताई बिचाऱ्या चांगल्या होत्या, त्यांनी मुख्य ऑफिसला फोन लावला, तिकडून उत्तर आलं की "आम्ही सकाळीच परवानगी टाकली आहे, आमच्याकडून क्लिअर आहे". इकडे यंत्र बंद. मग ताईंनी यंत्र काढून पुन्हा लावलं, दुसऱ्या पोर्टमध्ये लावलं, वायर पुसून लावली. मी रांगेतूनच म्हटलं की मशीन रिस्टार्ट करून बघा किंवा पॉलिसी रिफ्रेशची कमांड देऊन बघा, तर त्या म्हणाल्या, "मॅडम, आम्हाला त्यात हात घालायची परवानगी नाही, उगाच काही बिघडलं तर माझ्यावर येईल". त्यांचं तरी काय चुकलं? कोणी सांगितलंच नसेल तर माणूस घाबरणारच. शेवटी बारा वाजता सगळ्यांना उद्या या म्हणून सांगितलं, आत्या म्हणाली "चाल बाप्पा घरी, पाय दुखून राहिले", आणि आम्ही ऑटो करून मानेवाड्याला परत. संध्याकाळी तिच्या शेजारच्या काकांचा फोन, ते थांबले होते, की जेवणाच्या सुट्टीत ताईंनी मशीन बंद-चालू केलं आणि यंत्र लगेच सुरू झालं. ज्या म्हाताऱ्या लोकांना परत पाठवलं त्यांचं ऑटोभाडं, त्यांचे पाय, त्यांच्यासोबत आलेल्या पोराची अर्धी रजा, याचा हिशोब कोणत्याच रजिस्टरमध्ये होत नाही.

आता कमांड. कीबोर्डवर विंडोजचं बटण दाबून ठेवायचं आणि आर दाबायचा, एक छोटा डबा उघडतो, त्यात इंग्रजीत जी, पी आणि त्याला चिकटून अपडेट असं टाईप करायचं, मध्ये जागा सोडायची नाही, आणि एंटर. काळी खिडकी उघडते, अपडेटिंग पॉलिसी असं येतं, थोड्या वेळाने एक ओळ कॉम्प्युटर पॉलिसीची आणि एक ओळ युजर पॉलिसीची येते की अपडेट नीट पार पडलं, आणि अशी डब्यातून चालवली तर खिडकी आपोआप बंद होते. ओळी वाचायच्या असतील तर आधी कमांड प्रॉम्प्ट, म्हणजे तीच काळी खिडकी, उघडून त्यात टाईप करायचं. ॲडमिनचा पासवर्ड लागत नाही, साध्या युजरलाही चालते. यात हॅकिंग नाही, फाईल उडत नाही, डेटा जात नाही, कॉम्प्युटर फक्त जे काम तासा-दोन तासांनी स्वतः करणारच होता ते आत्ता करतो. विंडोज २००० च्या वेळी यासाठी वेगळी लांबलचक कमांड होती, ही सोपी कमांड एक्सपीपासून आली, म्हणजे वीस वर्षांच्या वर झाली तिला.

हीच कमांड पुढे स्लॅश फोर्स लावून सगळीकडे मारायची सवय आमच्या लाईनमधल्या बऱ्याच पोरांना आहे, त्याबद्दल बोललंच पाहिजे. नुसती कमांड दिली तर फक्त बदललेल्या पॉलिसी येतात, आणि रोजच्या कामाला तेवढं पुरतं. स्लॅश फोर्स दिलं की बदललेल्या न बदललेल्या सगळ्याच्या सगळ्या पुन्हा लागू होतात. कोणी मशीनवर हाताने सेटिंग बिघडवलं असेल तर त्याचा उपयोग आहे, पण शंभर मशीनवर एकदम फोर्स मारलं, तेही तालुक्याच्या हळू लाईनवर, तर तुम्हीच सर्व्हरला दमवता. शिवाय काही गोष्टी अशा आहेत, सॉफ्टवेअर इन्स्टॉल करणं किंवा डॉक्युमेंटचं फोल्डर सर्व्हरवर वळवणं, की त्या चालू मशीनवर लागूच होत नाहीत, त्यांना लॉगऑफ नाहीतर रिस्टार्ट लागतो. अशा वेळी कमांड स्वतःच विचारते की लॉगऑफ करू का, हो की नाही. तिथे लोक न वाचता हो दाबतात आणि अर्धवट टाईप केलेलं पत्र जातं. वाचा नं भाऊ, दोन ओळी तर असतात.

आणि पार पडलं अशी ओळ आली म्हणजे तुम्हाला हवा तो नियम आलाच असं नाही, त्याचा अर्थ फक्त सर्व्हरला विचारून झालं. नियम खरंच आला का ते बघायला दुसरी कमांड आहे, जी, पी आणि रिझल्ट चिकटवून, मग जागा सोडून स्लॅश आर. ही मला पहिलीपेक्षाही जास्त आवडते कारण ती खरं सांगते. शेवटची पॉलिसी किती तारखेला किती वाजता लागू झाली, कोणत्या सर्व्हरकडून आली, कोणकोणत्या पॉलिसी लागल्या, आणि कोणत्या आल्या पण गाळल्या गेल्या आणि का गाळल्या गेल्या, सगळं ओळीने दिसतं. मशीनच्या नियमांचा भाग बघायला ॲडमिन म्हणून चालवावी लागते, साध्या युजरला फक्त त्याच्या नावाचा भाग दिसतो, पण तेवढ्यानेही पुष्कळ कळतं. मुख्य ऑफिसला फोन करताना "चालत नाही" एवढंच सांगण्यापेक्षा "शेवटची पॉलिसी परवा दुपारची दाखवते आहे" असं सांगितलं तर समोरच्याला लगेच कळतं की गडबड नियमात नाही, पोचण्यात आहे, आणि अर्धा तासाचा फोन पाच मिनिटांत संपतो.

पोचण्यात गडबड का होते, तर आमच्याकडे सगळ्यात जास्त दिसणारं कारण म्हणजे डीएनएस, नावावरून सर्व्हरचा पत्ता शोधून देणारी सोय. नेट हळू चालतं म्हणून कोणीतरी ओळखीचा पोरगा येतो, मशीनच्या नेटवर्क सेटिंगमध्ये जाऊन ऑफिसच्या सर्व्हरचा आकडा काढून तिथे गुगलचा आठ-आठ-आठ-आठ टाकून जातो. साईटी उघडतात, सगळे खूष. पण डोमेनचा सर्व्हर कुठे आहे हे गुगलला माहीत असायचं काही कारणच नाही, ते ऑफिसच्या आतल्या डीएनएसलाच माहीत असतं, मग त्या दिवसापासून ते मशीन पॉलिसी घेणं बंद करतं आणि महिनोनमहिने कोणाच्या लक्षात येत नाही, कारण जुने नियम तसेच चालू राहतात. मग एक दिवस प्रिंटर बदलतो, अख्ख्या ऑफिसला नवा दिसतो आणि या एकाच टेबलाला दिसत नाही, आणि तोच पोरगा पुन्हा येऊन सांगतो की विंडोज करप्ट झाली, फॉरमॅट मारावं लागेल. मला या फॉरमॅटचा मनापासून राग आहे. लोकांच्या वर्षानुवर्षांच्या एक्सेल, मुलांच्या मार्कांच्या याद्या, आवक-जावकचे रेकॉर्ड या एका शब्दापायी गेलेले मी बघितले आहेत, आणि दोष होता डीएनएसच्या एका ओळीत.

दुसरं कारण घड्याळ. मशीनचं आणि सर्व्हरचं घड्याळ पाच मिनिटांपेक्षा जास्त मागेपुढे असलं तर ओळखच पटत नाही, ही नेहमीची ठरलेली मर्यादा आहे. जुन्या मशीनमधला बटणासारखा सेल संपलेला असतो, लाईट गेली की तारीख मागे जाते, आपल्याकडे मे महिन्यात लाईटचं काय होतं ते सांगायला नको. कोपऱ्यातलं घड्याळ बघायला कोणत्याच ट्रेनिंगची गरज नाही.

तिसरं जरा बारीक आहे पण इथेच आयटीवाले आणि काउंटरवाले यांची भांडणं होतात. कित्येक नियम मशीनला किंवा माणसाला एखाद्या ग्रुपमध्ये टाकून दिले जातात. वरून ग्रुपमध्ये टाकलं, खालून दहा वेळा कमांड मारली, तरी काही नाही, कारण आपण कोणत्या ग्रुपात आहोत हे माणसाला लॉगिनच्या वेळी आणि मशीनला सुरू होतानाच कळतं. तिथे माणसाने लॉगऑफ करून पुन्हा यायचं आणि मशीन रिस्टार्ट करायचं, हाच सरळ उपाय. आणि रिस्टार्टच करा, शटडाऊन नाही, कारण विंडोज १० आणि ११ मध्ये फास्ट स्टार्टअप चालू असेल तर शटडाऊन केल्यावर मशीन पूर्ण बंद होतच नाही, अर्धं झोपतं, आणि सुरू होतानाचे नियम त्यामुळे सुटू शकतात.

आणि एक गोष्ट मुख्य ऑफिसवाल्यांसाठी. मुंबईत बसून नियम बदलला आणि नागपूरच्या शाखेत वेगळा डोमेन सर्व्हर ठेवलेला असेल, तर मुंबईचा बदल आधी नागपूरच्या सर्व्हरवर यायला पाहिजे, आणि दोन वेगळ्या ठिकाणच्या सर्व्हरमधला, आमच्या भाषेत दोन साईटमधला, हा वेळ कोणी बदलला नसेल तर १८० मिनिटं असतो, तो १५ पर्यंत खाली आणता येतो. तोपर्यंत नागपूरच्या काउंटरने कितीही कमांड मारली तरी त्याला नागपूरचा सर्व्हर जुनाच नियम देणार. म्हणून "आमच्याकडून क्लिअर आहे" असं फोनवर सांगण्याआधी शाखेच्या सर्व्हरवर पोचलं का ते बघा, रांगेतल्या लोकांना तुमच्या साईट-लिंकशी काय घेणं देणं? गडचिरोलीकडच्या शाखांची अजून एक अडचण, लाईन ५०० केबीपीएसच्या खाली मोजली गेली तर विंडोज तिला हळू लाईन धरतं आणि सॉफ्टवेअर इन्स्टॉलसारख्या जड गोष्टी वगळतं, सुरक्षेच्या सेटिंग मात्र येतात. हे माहीत असलं तर तिथल्या माणसाला उगाच दोष दिला जाणार नाही.

खरं तर काउंटरवाल्याला कमांड टाईप करायचीही वेळ येऊ नये. विंडोज सर्व्हर २०१२ पासून ग्रुप पॉलिसीच्या कन्सोलमध्येच सोय आहे की एखाद्या विभागाच्या नावावर राईट क्लिक करायचं, ग्रुप पॉलिसी अपडेट निवडायचं, आणि त्याखालची सगळी मशीनं दहा मिनिटांच्या आत आपापल्या वेळी रिफ्रेश होतात. पॉवरशेल या विंडोजच्या कमांड चालवायच्या साधनातूनही होतं. फायरवॉलमध्ये त्यासाठी थोडी वाट मोकळी करावी लागते, त्याचा तयार नमुनाही मायक्रोसॉफ्टने दिलेला आहे. एकदाच करायचं काम आहे, पण करत नाहीत, कारण रांग त्यांच्यासमोर नसते.

कोणी म्हणेल एवढ्याशा गोष्टीसाठी पेपरात पत्र कशाला. तर २०२१ च्या जुलैत प्रिंट स्पूलरमधली, म्हणजे छापायची कामं सांभाळणाऱ्या विंडोजच्या भागातली, मोठी खोट बाहेर आली होती, प्रिंटनाईटमेअर म्हणून ती गाजली, तेव्हा दुरुस्तीचा पॅच सगळीकडे पोचेपर्यंत एक उपाय असा होता की पॉलिसीतून बाहेरून येणाऱ्या प्रिंटच्या जोडण्या बंद करायच्या आणि स्पूलर पुन्हा सुरू करायचा. अशा वेळी ज्या ऑफिसात पॉलिसी कशी पोचते हे माहीत असतं ते दुपारपर्यंत मोकळे होतात, आणि ज्यांची निम्मी मशीनं डीएनएसपायी महिनोनमहिने काही घेतच नाहीत त्यांना आपली निम्मी मशीनं उघडी आहेत हेसुद्धा कळत नाही. त्या मशीनमध्ये आपलेच आधार नंबर, खाते नंबर आणि सातबारे असतात.

ही कमांड सगळ्यावर चालत नाही हेही सांगून ठेवते. सरकारी पोर्टलच बंद असेल, नेटची केबल रस्ता खोदताना तुटली असेल, प्रिंटरची शाई संपली असेल, तर कितीही टाईप करा काही होणार नाही. आणि घरच्या लॅपटॉपवर तर याचं कामच नाही. स्वस्त पडतात म्हणून छोटी ऑफिसं सीताबर्डीतून विंडोजच्या होम एडिशनचे लॅपटॉप उचलतात, ते डोमेनला जोडताच येत नाहीत, प्रो घ्यावं लागतं, खरेदी करणाऱ्या बाबूंनी बिल पास करण्याआधी एवढं तरी बघावं.

तुमच्या पेपरातून माझी मागणी नागपुरातल्या सगळ्या ऑफिसांच्या साहेबांना आहे. येत्या पेन्शनच्या महिन्याआधी काउंटरवरच्या प्रत्येक माणसाला एका दुपारी बसवून या दोन कमांड आणि रिस्टार्ट कधी करायचं हे शिकवा, आणि लेखी द्या की हे करायला तुम्हाला परवानगी आहे, काही झालं तर तुमच्यावर येणार नाही. त्या ताईंना कमांडपेक्षा त्या लेखी कागदाची जास्त गरज होती. आयटीच्या वार्षिक कंत्राटात अजून एक ओळ घाला, की फॉरमॅट मारण्याआधी कंत्राटदाराने पॉलिसी रिझल्टचा रिपोर्ट काढून जोडला पाहिजे, एचटीएमएलमध्ये एका कमांडने निघतो, आणि तो नसेल तर त्या फॉरमॅटचे पैसे द्यायचे नाहीत.

आपली,
एक वाचक,
प्रतापनगर, नागपूर